वैऱ्याच्या मशीनवरचा कोल्हा

रविवारी योगिनी नाशिक रोडला माहेरी आली, तेव्हा तिचे वडील रंगनाथ जुन्या टीव्हीपुढे मांडी ठोकून बसले होते. जन्मभर प्रेसमध्ये नोटांची छपाई तपासलेला हा माणूस निवृत्तीनंतर नकली व्हिडिओ गेम बनवू लागला होता.

चौथीत असताना योगिनीने उड्या मारणाऱ्या कोल्ह्याचा गेम मागितला होता. बाबांनी मशीन आणलं ते त्या गेमवाल्यांच्या वैरी कंपनीचं, आणि तेही नकली. त्यावर कोल्हा चालणार नाही हे कळल्यावर पोरीने आकाशपाताळ एक केलं होतं. ते रडणं बाबांच्या मनात राहिलं. आता जगभरच्या हौशी लोकांना इंटरनेटवर विचारून विचारून ते तोच कोल्हा त्याच मशीनवर उतरवत होते.

"ढग कुठे गेले?" योगिनीने विचारलं.

"काढले. मशीनला झेपेनात. तुला कोल्हा हवाय की ढग?"

"शेपटीपण अर्धीच आहे."

"उरलेली पुढच्या रविवारी."

"पोरीचे केस पिकायला लागले," आई स्वयंपाकघरातून म्हणाली, "यांचा कोल्हा अजून शेपटीवरच अडलाय."

गेमच्या कॅसेटवर बाबांनी सुबक लेबल चिकटवलं होतं. त्यावर नोटेवर असतात तशा केसाएवढ्या बारीक नागमोडी रेघा होत्या.

"या कशाला?"

"कुणी नक्कल करू नये म्हणून."

"बाबा, ही मुळातच नक्कल आहे."

"म्हणून काय कुणीही उठून करावी?"

ती निघाली तेव्हा त्यांनी हळूच विचारलं, "अस्सलसारखा वाटतो ना गं?"

"छे, पक्का चोरबाजारातला."

बाबा हसले आणि पुन्हा पडद्याकडे वळले.

दुसऱ्या दिवशी दुपारी जेवून आडवे झाले, ते उठलेच नाहीत.

तेरावं झालं, पाहुणे पांगले. योगिनीने कॅसेट लावली. कोल्हा बिनढगांच्या आभाळाखालून पळत पुलापाशी आला. पूल अर्धाच बांधलेला होता. कोल्हा खाली पडला. तिने पुन्हा सुरू केलं, तो पुन्हा पडला.

आई शेजारी येऊन बसली. "त्यांना वाटायचं, तू अजून रुसलेलीच आहेस."

योगिनीने रिमोट खाली ठेवला. चौथीच्या सुट्टीत ती याच मशीनवर बेडकाचा कसलासा गेम जेवणखाण विसरून खेळली होती. पण तेव्हा कबूल करणं म्हणजे हार होती, आणि पुढे ते सांगण्याजोगं वाटलंच नाही.

"बाबा," ती टीव्हीकडे बघत म्हणाली, "कोल्ह्याचं मला आठवड्याभरात काही वाटेनासं झालं होतं. तुम्ही आणलेलं मशीनच मला आवडायचं."