लॉनीच्या खोलीचे दार

मित्रांनो, मी एक जुने दार आहे. राजवाड्याचे नव्हे, जॉर्जियातल्या टकर्स फेरी गावच्या बेसबॉल मैदानावरचे, मॅनेजरच्या खोलीचे. मला घडवणाऱ्या सुताराने माझी पाठ थोपटून म्हटले होते, "आता शंभर वर्षं बघायला नको!" बिचारा फार भोळा होता.

आमचा संघ धाकट्या लीगमधला. इथल्या प्रत्येकाचे डोळे वर, मोठ्या लीगकडे लागलेले असतात. कौतुक असो की कानउघाडणी, मॅनेजर ती मला उघडे ठेवूनच करतो. मला लावून घेतले, की आतल्या खेळाडूचा खेळ संपला, हे सगळ्यांना ठाऊक. मी नुसते करकरले तरी पोरांच्या तोंडचे पाणी पळते. मग माझ्यावर माया कोण करणार?

लॉनी टॅकेट इथलाच कॅचर. चेंडू झेलून झेलून त्याची बोटे वाकडी झाली, गुडघे कुरकुरू लागले, पण वरून बोलावणे काही आले नाही. एके दिवशी जुन्या मॅनेजरने त्याला आत घेतले आणि मला लोटले. बाहेर आल्यावर तो माझ्यावर कपाळ टेकून बराच वेळ उभा राहिला. मला फार वाईट वाटले.

पण त्याला मैदान सोडवेना. आधी शिकवणारा म्हणून आणि पुढे मॅनेजर म्हणून तो परत आला. आल्या आल्या त्याने माझ्या तळाशी एक जुना बूट अडकवला, मी चुकूनही लागू नये म्हणून. कोणाला निरोप द्यायचाच झाला, तर तो बूट स्वतः काढी, मला हलकेच लावी आणि त्या पोराला उकडलेल्या शेंगा खाऊ घातल्याशिवाय सोडत नसे. पोरे त्याच्यावर जीव टाकीत. माझ्या बिजागऱ्यांकडे बघायला मात्र कोणाला सवड नव्हती. त्या गंजल्या, सैल झाल्या आणि मी एका अंगाला कलले.

गेल्या ऑगस्टमध्ये लॉनीने वेंडेल प्रूइटला हाक मारली. वेंडेल आमचा कॅचर, दोन लेकरांचा बाप, पोराठोरांच्या संघातला सगळ्यांत थोराड. तो आत आला न आला तोच बूट सटकला आणि मी धाडकन बंद झाले. बाहेरचा गलका थांबला. वेंडेलचा चेहरा पांढराफटक पडला.

"लेका, ऐक..." लॉनी म्हणाला.

"राहू द्या, कोच. दार लागलं, कळलं मला." वेंडेलने टोपी काढली. "तुम्ही खूप सांभाळून घेतलंत. फक्त एक सांगा, आणि खोटं नका बोलू. वर खेळण्याइतका मी कधी होतो का?"

हेच विचारायचा धीर लॉनीला त्याच्या वेळी झाला नव्हता.

"मला काय विचारतोस, गाढवा? उद्या वरच्या संघातल्या पिचरचे चेंडू झेलशील, तेव्हा त्यालाच विचार की! त्यांचा कॅचर जायबंदी झालाय. संध्याकाळचं विमान आहे तुझं."

"पण दार..."

"दार मोडकं आहे, टोणग्या! बिजागरी गेलीय त्याची!"

वेंडेल खाली बसला आणि लहान मुलासारखा रडला. मग दोघे मला उघडायला गेले, तर दमट हवेने फुगून मी घट्ट बसलेले! आतून ते ओढताहेत, बाहेरून पोरे ढकलताहेत. शेवटी बिजागरी तुटली आणि मी आडवे झाले. बातमी कळताच सगळा संघ माझ्या अंगावरून आत धावला. मित्रांनो, इतक्या आनंदाने मला कोणी कधी तुडवले नव्हते.

पिशवी खांद्याला लावून निघताना वेंडेल उंबऱ्यात वळला.

"कोच, तुम्हीही होतात हं, वर खेळण्याइतके. तुमच्याकडूनच तर शिकलो मी."

"चल, पळ! विमान चुकेल," लॉनी म्हणाला आणि खाली वाकून माझे स्क्रू शोधू लागला. त्याला एकही दिसत नव्हता, इतके त्याचे डोळे भरले होते.

म्हणून सांगते, मित्रांनो, दारांना वेळच्या वेळी तेल घाला. आणि कोणाबद्दल चांगले वाटत असेल, तर तेही त्याला वेळेवर सांगा. लॉनीला ते फार उशिरा ऐकायला मिळाले.