पळसटोली, डी ड्राइव्ह, पुणे ४६

लॅपटॉपच्या पडद्यावर एक लाल पट्टी होती आणि ती रोज थोडी पुढे सरकायची. ललिताबाईंनी ती पहिल्यांदा पाहिली तेव्हाच जाहीर केलं, की पाणी चढतंय. घरात कुणी मनावर घेतलं नाही. कात्रजच्या उतारावर, चौथ्या मजल्यावर पाणी चढत असेल तर ती चांगलीच बातमी.

पट्टी सी ड्राइव्हची होती. लॅपटॉप मुलाचा, प्रज्ञेशचा. सहा वर्षांपूर्वी त्यानं नवा घेतला, जुना आईला दिला आणि वेळ जावा म्हणून त्यात एक खेळ घालून दिला. खेळात मोकळी जमीन मिळते, तिच्यावर गाव वसवायचं. माणसं आपोआप येतात, चुली पेटवतात, कोंबड्या पाळतात. बाकीचे लोक त्यात किल्ले आणि राजवाडे बांधतात म्हणे. ललिताबाईंनी पळसटोली बांधली.

पळसटोली हे त्यांचं भंडाऱ्याकडचं माहेर. पस्तीस वर्षांपूर्वी धरणात गेलं. ते त्यांनी आठवून आठवून, एकेक कौल ठेवून उभं केलं होतं. खेळात विहार बांधायची सोय नव्हती, म्हणून एका धान्याच्या कोठाराला पांढरा रंग दिला आणि त्याला विहार म्हटलं. कोंबड्या मात्र जास्त झाल्या होत्या, त्याला इलाज नव्हता. दुपारची भांडी झाली की त्या माउस हातात घ्यायच्या, आणि जात्यावर बसल्यासारखा त्यांचा गळा आपोआप लागायचा:

पाण्याच्या पोटामंदी माझ्या माहेराची आळी,
काचेच्या शेतामंदी म्याच लावियेली केळी.

विहारासमोर पिंपळ हवा होता. तो जगत नव्हता. या खेळात झाड वाढेल की वाळेल हे खेळच ठरवतो. तोच डाव पुन्हा उघडला तरी दुसऱ्या वेळी दुसरंच होतं. तीन पिंपळ वाळले. चौथा रविवारी संध्याकाळी पूर्ण वाढला, इतका की पडद्याच्या वरच्या कडेला त्याची पानं लागली. मग खेळातली मुक्ताई, ललिताबाईंच्या मावशीचं नाव दिलेली, कमरेत वाकत वाकत आली आणि त्याच्या पारावर बसली. तिला बसायला कुणी सांगितलं नव्हतं. ललिताबाईंनी डोळे पुसले, जतन करायचं बटण दाबलं, आणि खेळानं सांगितलं: जागा नाही.

प्रज्ञेश कंपनीच्या कामाला हैदराबादला होता. त्यानं फोनवर समजावलं, की सी ड्राइव्ह भरलाय, डी ड्राइव्ह मोकळा पडलाय. खेळाच्या फोल्डरमध्ये सहा वर्षांचे डाव साठलेत; ते अख्खं फोल्डर उचलून डीमध्ये ठेवायचं, जागा होईल. दहा मिनिटांचं काम. फक्त तोवर खेळ बंद करायचा नाही, आणि लॅपटॉपची बॅटरी मेलेली आहे, तेव्हा वायर काढायची नाही. वायर निघाली की पिंपळ गेला.

खाली सोसायटीच्या फळ्यावर लिहिलेलं होतं, की गुरुवारी सकाळी दहा ते पाच लाइट नाही.

"गाव दहा मिनिटांत हलत नाही," भीमराव म्हणाले.

भीमराव म्हणजे ललिताबाईंचे यजमान. पुनर्वसन कचेरीतून अव्वल कारकून म्हणून निवृत्त झालेले. नोकरीत त्यांनी धरणाखालची सतरा गावं हलवली होती, आणि त्यांतलं पहिलं पळसटोली. पंचविशीतले भीमराव तिथे यादी करायला गेले, एका ओसरीवर त्यांनी एका मुलीचं नाव विचारून लिहिलं, आणि पुढच्या वर्षी तिच्याशी लग्न केलं. त्यांचा मेहुणा अजून म्हणतो, की भाऊजींनी अख्ख्या गावात एकच नाव नीट लिहिलं.

निवृत्तीला पाच वर्षं झाली होती. कपाटातून कार्बन पेपर निघाला, पट्टी निघाली, लाल शाईचं पेन निघालं. त्यांनी चार दिवसांचा कार्यक्रम आखला आणि तो अपुरा आहे अशी टीपही खाली लिहिली.

सोमवारी नोटीस निघाली. पळसटोलीच्या सर्व रहिवाशांस कळवण्यात येते की, वगैरे. ती लॅपटॉपच्या पाठीला चिकटवली. रहिवासी पडद्याच्या आत असल्यानं त्यांना ती दिसणार नाही, हे ललिताबाईंनी लक्षात आणून दिलं. तेव्हा दुसरी प्रत पडद्याच्या बाजूनं, पण पिंपळ झाकणार नाही अशा बेतानं लावली. पंच म्हणून खालच्या मजल्यावरच्या सुरुचीला बोलावलं. ही मुलगी मूळची सदाशिव पेठेतली, घरून सॉफ्टवेअर तपासायचं काम करते. तिनं नोटीस पूर्ण वाचली.

"काका, हरकती मागवल्यात ना? माझी एक आहे. व्याकरण चोख आहे. सरकारी वाटत नाही."

आणि सही करून गेली.

मंगळवारी मोजणी झाली. भीमराव खुर्ची ओढून बसले. ललिताबाई माउसनं एकेका घरापुढे नेत आणि ते लिहीत. घरं बेचाळीस. विहिरी तीन. बैल अठरा. कोंबड्या उभ्या राहत नव्हत्या, त्यामुळे तीन वेळा मोजून तीन आकडे आले, आणि भीमरावांनी तिन्हींच्या खाली सही केली. खेळातली माणसं अंगठा देऊ शकत नव्हती म्हणून प्रत्येकाच्या वतीनं ललिताबाईंनी अंगठा उठवला. संध्याकाळपर्यंत त्यांचा अंगठा जांभळा झाला होता आणि पोळ्यांवरही दिसत होता. झाडांची यादी शेवटी होती. आंबे चौदा, मोह नऊ, चिंच दोन.

रात्रीचं जेवण झाल्यावर ललिताबाईंनी ती यादी वाचली. बुधवारी सकाळी चहाच्या कपाखाली भीमरावांना एक कागद सापडला. रीतसर हरकत अर्ज होता. यादीत पिंपळ नाही, एवढंच लिहिलं होतं.

भीमरावांनी समजावलं, की रकाना फळझाडांचा आहे. पिंपळाला धरण्याजोगं फळ नाही, त्याला कधीच रकाना नव्हता. यादी या नमुन्यातच होते.

ललिताबाई भाजी निवडत होत्या. वर न बघता त्यांनी हलक्या आवाजात म्हटलं:

गाव निघालं परगावा, पुढं बैल, मागं गाई,
नीट मोज कारकुना, माझा पिंपळ दिसत नाही.

"तेव्हाही हेच म्हणले होते जी तुम्ही," त्या मग म्हणाल्या. "रकाना नाही. माझ्या बापानं विचारलं होतं, विहारापुढचा पिंपळ कुठं लिहिला. मी चहा घेऊन उभी होती."

भीमरावांनी पट्टी उचलून नमुन्यावर ठेवली. पस्तीस वर्षांत या घरात पळसटोलीबद्दल खूप बोलणं झालं होतं, पण हे नव्हतं झालं. मग त्यांनी लाल पेन उघडलं, नमुन्याच्या उजव्या समासात, जिथे लिहायला मनाई असते तिथे, एक नवा रकाना आखला आणि त्यात लिहिलं: पिंपळ, एक, पारासह. पारावर मुक्ताई.

दुपारी तीनला गाव हलवलं. भीमरावांनी स्वतः फोल्डर कापून डीमध्ये चिकटवलं. हिरवी रेघ डावीकडून उजवीकडे भरत गेली. ललिताबाई तिच्याकडे बैलगाड्यांच्या रांगेकडे पाहावं तशा पाहत होत्या. लाल पट्टी ओसरली. भीमरावांनी पंचनाम्यावर 'गाव सुखरूप पोचले' असं लिहिलं आणि मग ललिताबाईंनी जतन करायचं बटण दाबलं.

खेळानं सांगितलं: ठिकाण सापडत नाही.

पुन्हा दाबलं. ठिकाण सापडत नाही. खेळ सी ड्राइव्हच्या जुन्या जागी जात होता, तिथे काहीच नव्हतं, आणि तो परत येऊन तेच सांगत होता. जुनी सहा वर्षं डीमध्ये नीट होती. रविवारचा पिंपळ मात्र अजून नुसता पडद्यावर, वायरीच्या जिवावर उभा होता. प्रज्ञेशचा फोन लागत नव्हता. सुरुची नेमकी त्या दिवशी ऑफिसला गेलेली. संध्याकाळभर दोघं त्या पडद्यासमोर बसून राहिले. मुक्ताई पारावर बसली होती. भीमरावांनी प्लगपाशी एक स्टूल ठेवलं, त्यावर 'हात लावू नये' असा कागद ठेवला आणि तोल सांभाळत स्वतःच त्या कागदावर बसले.

गुरुवारी सकाळी नवाला सुरुची आली. हातात चहाचा कप तसाच. तिनं पाहिलं आणि सांगितलं, की सोपं आहे, फोल्डरची एक प्रत जुन्या जागी परत ठेवते.

भीमराव नाही म्हणाले. एक गाव दोन जागी दाखवता येणार नाही. नोकरीभर ते याच गोष्टीच्या विरोधात उभे राहिले होते. ही दुबार नोंद, आणि दुबार नोंदीला माफी नाही. मग परत उचलून सीमध्येच ठेवते, सुरुची म्हणाली. त्यालाही नाही. हललेलं गाव परत नेल्याचं उदाहरण उपलब्ध नव्हतं.

घड्याळात नऊ पंचवीस झाले. सुरुचीनं कप खाली ठेवला. ललिताबाईंचा जांभळा अंगठा पदराच्या टोकात गुंडाळलेला तिला दिसला, आणि तिच्या जिभेवरचं काहीतरी तिनं गिळलं.

"काका, आमच्या पेठेत माणूस घर सोडून गेला की काय करतो? जुन्या दारावर पाटी लावतो. खेळाला फक्त जुनं दार माहीत आहे. तिथे आपण पाटी लावू, की गाव डीमध्ये राहायला गेलं. तो वाचेल आणि तिकडे जाईल. गाव एकच, नोंद एकच. चालेल?"

भीमरावांनी पंचनामा पुन्हा वाचून काढला. नऊ अठ्ठावीस झाले. नऊ तीस.

"आम्ही पाटी कधी लावलीच नाही," शेवटी ते म्हणाले. "सतरा गावं हलवली. जुन्या जागेवर एकही पाटी नाही."

ललिताबाईंनी सुरुचीला हळूच सांगितलं, की मुक्ताई मावशी नव्या गावठाणात दोन वर्षं राहिली, पण रोज चालत पाण्याच्या काठावर यायची. कुणी विचारलं तर म्हणायची, वाट चुकली.

सुरुचीनं लॅपटॉपवर हुकूम लिहायची काळी खिडकी उघडली आणि एक ओळ टाइप केली. ती मोठ्यानं वाचून दाखवावी असा भीमरावांनी आग्रह धरला, कारण नोटीस वाचून दाखवावी लागते. तिनं वाचली. जुनी जागा, नवी जागा, मध्ये एक रिकामी जागा. जगातली सगळ्यात कमी शब्दांची पाटी आहे काका, ती म्हणाली, आमच्याकडेसुद्धा इतकं थोडक्यात भागत नाही. मग ललिताबाईंनी बटण दाबलं.

जतन झाले.

लाइट दहाला जायची होती, ती नऊ बावन्नला गेली. पडदा काळा झाला. पंखा थांबला आणि त्या शांततेत खालच्या रस्त्यावर दुधाचा ट्रक वळताना ऐकू आला. मग सुरुची, आता मला सुट्टीच आहे, म्हणून पोह्यांसाठी थांबली.

संध्याकाळी सव्वापाचला लाइट आली. खेळ जुन्या दारी गेला, पाटी वाचली, डीमध्ये आला. घरं आली, विहिरी आल्या. कोंबड्या चौथ्याच आकड्याच्या निघाल्या. विहारासमोर पिंपळ होता, पानं पडद्याच्या कडेला टेकलेली, आणि मुक्ताई पारावरून उठून घराकडे निघाली होती. ललिताबाई तिला दारापर्यंत पाहत राहिल्या.

प्रकरण इथे बंद व्हायला हवं होतं. पण शुक्रवारी भीमराव बसनं कसबा पेठेत गेले आणि गल्ल्यांतून चालत एका पाट्या रंगवणाऱ्याकडे पोचले. पत्र्यावर पिवळ्या रंगात काळी अक्षरं, दोन ओळी. पेंटरनं मजकूर वाचला, भीमरावांकडे पाहिलं. फक्त म्हणाला, खाली जागा उरते आहे आणि रिकामी जागा सोडून पाटी देण्याची आमची पद्धत नाही. तिसरी ओळ त्यानं स्वतःच्या मनानं घातली.

घरी ललिताबाईंनी ती वाचली. तिसऱ्या ओळीवर त्या थांबल्या आणि गॅस बंद आहे का ते बघायला आत गेल्या. गॅस बंदच होता. आतूनच त्यांनी विचारलं, की भंडाऱ्याकडची गाडी आठवड्यातून किती वेळा असते जी.

उन्हाळ्यात धरणाचं पाणी खूप मागे गेलं होतं. भेगाळलेल्या गाळात भीमरावांनी खड्डा खणला, ललिताबाईंनी खांब धरला, आणि दगड ठोकून पाटी उभी केली. मासे धरणारा एक म्हातारा डोंगा काठाला लावून वर आला. त्यानं बोट फिरवत वाचलं.

पळसटोली येथून हलवली आहे.
सध्याचा पत्ता: डी ड्राइव्ह, कात्रज, पुणे ४६.
कृपया येथे वाट पाहत बसू नये.

त्यानं ते दोनदा वाचलं. मग अदबीनं विचारलं, "हे डी ड्राइव्ह कोन्त्या तालुक्यात येते जी?"

भीमरावांनी हाताची माती झटकली.

"हवेली," ते म्हणाले.

म्हाताऱ्यानं मान डोलावली. माझी मावसबहीण तिथलीच, दिली होती सावरी गावाला, तो म्हणाला. आणि तिकडं हललेल्या घरांत तिच्या बापाचं घर आलं का, तेवढं बघून सांगा, असं म्हणून त्यानं नाव सांगितलं.

भीमरावांनी खिशातून यादी काढली.