पोचे पडलेल्या इंधन-कॅनचे गाऱ्हाणे

मी एक जुना कॅन आहे. सैन्याच्या इंधन पुरवठा तुकडीतला, पोलादी, तीन मुठींचा कॅन. मित्रांनो, पुढे वाद नको म्हणून एक गोष्ट आधीच सांगून टाकतो. मला डबा म्हणू नका. डबा म्हणजे ज्यात तुम्ही शाळेत खाऊ नेता तो. उभ्या आयुष्यात मला कॅन म्हणणारी माणसे बोटांवर मोजण्याइतकी भेटली. बाकीच्यांचे आपले एकच, "ए, तो डबा सरकव जरा."

माझा जन्म एका मोठ्या कारखान्यात झाला. पोलादी पत्र्याचे दोन अर्धे भाग साच्यात दाबून काढले, समोरासमोर ठेवून वितळत्या धातूने जोडले, वर झाकण आणि तीन मुठी बसवल्या. तीन मुठी कशाला, असे मला आजवर एकाही माणसाने विचारलेले नाही. मी आपणहूनच सांगतो. भरलेला कॅन एकट्याने न्यायचा तर मधली मूठ धरायची. दोघांनी न्यायचा तर कडेच्या दोन धरायच्या. आणि कॅन रिकामे असले तर शेजारशेजारच्या मुठी पकडून एका हातात दोन नेता येतात. एवढा विचार कोणीतरी माझ्यासाठी केला होता, आणि तुकडीतले निम्मे लोक मला झाकणाला धरून ओढतात.

माझ्या आधी पातळ पत्र्याचे चौकोनी डबे असत. ते मात्र खरोखरच डबे होते. आमच्या तुकडीतला सर्वांत म्हातारा पंपवाला त्यांची आठवण काढून अजूनही कपाळावर हात मारतो. खेचरांच्या पाठीवरून आणि बैलगाड्यांतून ते जायचे, वाटेत सांध्यांतून गळायचे आणि पोचेपर्यंत बरेचसे पेट्रोल रस्त्यानेच पिऊन टाकलेले असायचे. त्यानंतर आम्ही आलो. मग मोठी पिंपे आली, टँकर आले, जमिनीवरून मैलोन्‌मैल टाकायचे नळ आले. तरी जिथे टँकर वळत नाही आणि नळ पोचत नाही, तिथे शेवटी माणसाच्या हातातून आम्हीच जातो.

आता माझ्या मनातली मळमळ ऐका. रणगाड्याची चित्रे तुमच्या वह्यांवर असतात, तोफांची खेळणी तुमच्या कपाटात असतात. इंधनाच्या कॅनचे चित्र कोणी वहीवर पाहिले आहे का? विजयाच्या संचलनात रणगाडे गडगडत जातात आणि लोक टाळ्या वाजवतात. तो रणगाडा कोणाच्या जिवावर पोट भरून आला, हे विचारायला कोणाला सवड नसते. तोच जर मध्येच बंद पडला, तर मात्र पहिला प्रश्न तयार असतो, "इंधनवाले कुठे मेले?" रुग्णवाहिका, भटारखान्याचे स्टोव्ह, दवाखान्याचे जनरेटर, सगळे आमच्यावर चालते. चालते तोवर कोणाच्या लक्षात येत नाही, इतकेच.

आमच्या कोठारावर एक माणूस होता. त्याला सगळी तुकडी दादा म्हणे, कारण त्याचा सख्खा धाकटा भाऊ त्याच तुकडीत टँकर चालवायचा आणि दिवसभर "दादा, दादा" करत मागे फिरायचा. त्या भावाला सगळे धाकटाच म्हणत. धाकट्याला तुकडीत दादानेच आणले होते. आई तयार नव्हती. "माझ्या डोळ्यांसमोर राहील, आई. इंधनाच्या तुकडीत कसली आलीय लढाई," असे सांगून त्याने तिची समजूत काढली होती. ही गोष्ट तो इतक्यांदा इतक्या जणांना सांगायचा की आम्हा कॅनांनासुद्धा ती पाठ झाली होती.

दादा कामाला चोख होता, हे मी रागावलेला असूनही कबूल करतो. कोणत्याही कॅनमधले डिझेल बाहेर देण्याआधी तो थोडेसे काचेच्या बाटलीत घ्यायचा, घुसळायचा, उजेडात धरायचा आणि थांबायचा. डिझेलमध्ये पाणी असेल तर ते खाली बसते. ते इंजिनात गेले की इंजिनाचे काम तमाम. शिवाय कोठाराचा एक साधा नियम होता. ज्या कॅनवर पांढरा पट्टा त्यात पाणी, पट्टा नसेल त्यात इंधन. हे शेंबड्या पोरालाही कळेल असा नियम होता तो. पण मित्रांनो, माणूस एकदा नटायला बसला की साधे नियम आधी गुंडाळून ठेवतो.

झाले असे की वरचे मोठे साहेब तपासणीला येणार, असा निरोप आला. तुकडीत लगीनघाई सुरू झाली. दगडांना चुना लागला, झाडांच्या बुंध्यांना गेरू लागला, धाकट्याने टँकरची चाके काळ्या पॉलिशने घासली. कोठारासमोर कॅनांची रांग लावायची होती. पण आमचे बरेचसे भाऊबंद डिझेल घेऊन पुढच्या ठाण्यांवर गेलेले. रांग मध्येमध्ये दात पडलेल्या तोंडासारखी दिसायला लागली. तेव्हा दादालाच कल्पना सुचली. पाण्याचे कॅनही रांगेत आणायचे आणि सगळ्यांना सरसकट हिरवा रंग मारायचा.

"पट्टे?" रंगारी म्हणाला.

"पट्टे नंतर मार. रांग एकसारखी दिसली पाहिजे."

पाण्याचे कॅन दिसायला देखणे असतात, कारण त्यांचे आयुष्य सुखाचे असते. त्यांना कोणी चालत्या ट्रकमधून फेकत नाही. म्हणून ते पुढच्या रांगेत गेले. माझ्यासारखे पोचे पडलेले मागे लपवण्यात आले. मी तर काठोकाठ डिझेलने भरलेला होतो, तरी मला कोठाराच्या मागच्या भिंतीशी वाळूच्या कॅनांत नेऊन टाकले. आग विझवायची वाळू आमच्याकडे मोडक्या कॅनांत भरून ठेवतात. म्हणजे माझी रवानगी थेट मोडीत झाली. मोठे साहेब आले, रांगेवरून नजर फिरवली आणि "वा, उत्तम" म्हणून गेले. त्या दिवशी दादाची छाती दोन बोटे फुगली होती.

पट्टे नंतर मारायचे होते ना? रंगाऱ्याला आमच्या साहेबांच्या कचेरीचे दार रंगवायला नेले. आज मारू, उद्या मारू करत पट्टे राहून गेले. घाईने मारलेला रंग झाकणांच्या फटींत जाऊन वाळला आणि झाकणे जागच्या जागी चिकटून बसली. मला हे सगळे भिंतीआडून ऐकू येत होते. पण कॅनला ऐकू येते, बोलता येत नाही, आणि या एका गोष्टीने माझे आयुष्य नासले आहे.

दोनच दिवसांनी बातमी आली. डोंगराच्या बाजूला एका धान्याच्या गोदामात सैन्याचा तात्पुरता दवाखाना होता. त्याच्या जनरेटरसाठी डिझेल घेऊन धाकट्याचा टँकर निघाला होता. वाटेत रस्त्याची कड खचली आणि टँकर खाली कलंडला. डिझेल सगळे मातीत गेले. धाकट्याच्या मांडीचे हाड मोडले होते आणि रक्त थांबत नव्हते. त्याला नेले होते त्याच दवाखान्यात. शस्त्रक्रिया तळघरात करायची होती आणि जनरेटरच्या टाकीत तळाला थोडेसेच डिझेल उरले होते.

 दादा ट्रककडे धावला आणि समोरच्या रांगेतले कॅन भराभर वर चढवायला लागला. एकावरही पट्टा नाही म्हणजे इंधन, एवढेच त्याचे हात जाणत होते. दोन कॅन उचलून पाहिले, जड लागले, एका झाकणाशी झटापट केली, ते हलेना, तेव्हा म्हणाला, "भरलेत. चला." बाटली त्याच्या खिशात होती. ती खिशातच राहिली.

ट्रक चालवायला मामा होता. तो कोणाचाच सख्खा मामा नव्हता, पण न मागता सल्ला द्यायचा म्हणून त्याला मामा म्हणत. त्याचे गुडघे दुखायचे. ट्रकवर चढायला त्याला पायाखाली काहीतरी लागे. भिंतीशी हात घालून त्याने नेमके मला उचलले. "वाळूचा दिसतोय, बरा आहे," असे म्हणत माझ्यावर पाय देऊन वर चढला आणि मलाही आत फेकले. मी डिझेलने भरलेला, आणि माझी नेमणूक पायरी म्हणून. ऐकणारा कोणी असता तर मी त्या दिवशी तुकडीचे वाभाडे काढले असते.

दवाखान्याशी पोचलो तेव्हा जनरेटर खोकत होता. दादाने पहिल्या कॅनच्या झाकणावर पान्याने ठोके घातले, रंगाची पापडी उडाली, झाकण उघडले. सवयीने त्याने नाक जवळ नेले आणि तसाच थांबला.

"काय झालं?" मामाने विचारले.

"पाणी आहे."

दुसरा उघडला, पाणी. तिसरा, पाणी. मामा माझ्यावर उभा राहून वरचे कॅन खाली देत होता आणि दादा एकेक उघडून बाजूला टाकत होता. मित्रांनो, त्या वेळी माझे काय झाले असेल याची तुम्हाला कल्पना यायची नाही. त्यांना हवे होते ते सगळे माझ्या पोटात होते, आणि ते माझ्या डोक्यावर उभे राहून दुसरीकडे शोधत होते. मी आतून डुचमळलो. बाहेर काही म्हणता काही दिसले नसणार. सगळे हिरवे कॅन संपले. जनरेटरने शेवटचा आचका दिला आणि तो बंद पडला. तळघराच्या जिन्यावरून परिचारिका ओरडली, "अहो, अंधार झालाय खाली. डॉक्टर बॅटरीच्या उजेडात काम करतायत. किती वेळ?"

दादा खालीच बसला. "मी मारलं त्याला," तो मामाला म्हणाला. "मीच."

 मामा खाली उतरायला गेला आणि त्याचा पाय माझ्यावरून घसरला. इतका वेळ त्याच्या वजनाने माझे झाकण एका बाजूला दबले होते आणि कडेने डिझेल झिरपत होते. त्याने बुटावरून बोट फिरवले, वास घेतला.

"दादा, ऊठ. या वाळूतून डिझेल येतंय."

दादाने मला अक्षरशः मिठी मारली. झाकण उघडले आणि त्या दिवशी पहिल्यांदा खिशातून बाटली काढली. थोडे डिझेल घेतले, घुसळले, उजेडात धरले. परिचारिका जिन्यावर पाय आपटत होती. "आता काय बघताय?"

"पाणी आहे का ते," दादा म्हणाला, आणि थांबला.  तळाशी काही बसले नाही. मगच त्याने मला टाकीत ओतले. जनरेटरवाल्याने नळीत अडकलेली हवा हातपंपाने बाहेर काढली, दोनदा यंत्र नुसतेच गुरगुरले आणि तिसऱ्यांदा चालू झाले. जिन्याच्या तळाशी उजेड पडला. दादा माझी मधली मूठ धरून तिथेच रडत बसला.

शस्त्रक्रिया पुरी होईपर्यंत माझे डिझेल पुरले. धाकटा वाचला. पायही वाचला, थोडा आखूड झाला.

तुम्हाला वाटेल, आता माझा सत्कार झाला असेल. छे. तुकडीच्या इतिहासात लिहिले आहे, "दवाखान्यास इंधन वेळेवर पोचविण्यात आले." कोणी पोचवले, कसे, मुळात ते का पोचत नव्हते, याबद्दल चकार शब्द नाही. मला परत वाळूच्या कॅनांशेजारी ठेवले. नशीब, आत वाळू भरली नाही.

पण दादा त्यानंतर रोज काम आटोपले की कोठारासमोर बसून कॅनांवरचा हिरवा रंग पत्र्याच्या तुकड्याने खरवडायचा. झाकणे मोकळी करायचा, पाण्याच्या कॅनांवर पांढरे पट्टे मारायचा. आमचे साहेब एकदा जाता जाता म्हणाले, "अहो, किती विद्रूप दिसतायत हे."

"दिसू द्या, साहेब," दादा म्हणाला आणि खरवडतच राहिला.

धाकटा कुबड्या घेऊन तुकडीत आला त्या दिवशीही तो तेच करत होता. धाकटा शेजारी टेकला. बराच वेळ इकडचे तिकडचे बोलून झाल्यावर म्हणाला, "दादा, मला कमरेखालीच बधिर केलं होतं. मी जागा होतो. मध्येच सगळं काळं झालं. मला वाटलं, मी गेलो. आईला हाक मारायचंसुद्धा सुचलं नाही."

दादाचा हात थांबला. "दिवे गेले होते."

"माहितेय. का गेले होते?"

मला वाटले, आता दादा सगळा दोष खचलेल्या रस्त्यावर ढकलेल, रंगाऱ्यावर ढकलेल. सहज ढकलता आले असते. कोणी पाहिले होते?

"पट्ट्यांवर मीच रंग मारायला सांगितला होता," दादा म्हणाला. "रांग छान दिसावी म्हणून."

  धाकट्याने कुबड्या बाजूला ठेवल्या, जमिनीवरचा पत्र्याचा एक तुकडा उचलला, एक हिरवा कॅन स्वतःकडे ओढला आणि खरवडायला लागला. "आईला सांगू नकोस," एवढेच म्हणाला. संध्याकाळपर्यंत दोघे भाऊ तसेच बसून होते.

मित्रांनो, मला टाळ्या नकोत. वहीवर माझे चित्रही नको. मला फक्त एवढे सांगा, तुमच्या घरी सरबताच्या एखाद्या रिकाम्या बाटलीत कोणी रॉकेल किंवा फिनेल भरून ठेवले आहे का? असणारच. बाटली छान दिसते म्हणून ठेवलेले असते, आणि नाव नंतर लिहू म्हणून राहिलेले असते. तर उठा, कागद चिकटवा आणि आत काय आहे ते ठळक अक्षरांत लिहा. नंतर नको, आत्ताच जा. मी इथेच आहे.