जिन्याखाली जमा झालेली काठी

मित्रांनो, मी एका सुताराच्या हातची काठी. त्याने मला स्वतःच्या बापासाठी घडवले, म्हणून त्यांचा तळवा हातात घेऊन माझी मूठ कोरली. "ही माझी धाकटी सून, उलटून बोलत नाही," असे आजोबा खऱ्या सुनेसमोर म्हणत. ती म्हणायची, "तुमचं वजन उचलते ना मामंजी, बोलायला दम कुठून उरणार?"

मग घर पाडायचे ठरले. नव्या इमारतीत आजोबांना चौथा मजला मिळाला, तोही लिफ्टशिवाय. पायाने अधू असल्याचा दाखला आणला तरच तळमजला मिळणार होता. आम्ही गेलो तो मुदतीचा शेवटचा दिवस होता आणि दाखल्याचे साहेब सरकारी कचेरीत दुसऱ्या मजल्यावर बसत.

कचेरीच्या दारातच पहारेकऱ्याने मला अडवले. काठी आत न्यायची तर दाखला हवा. तोच आणायला आलोय, असे सुनेने सांगितले.

"मग आणा की. मी कुठं नको म्हणतोय?" असे म्हणून त्याने मला जिन्याजवळच्या खिळ्याला टांगले. वर एकट्यानेच जायचे असल्यामुळे सूनही खालीच राहिली.

आजोबा कठडा धरून चढू लागले. मध्येच पाय सटकला. सून धावली, तर पहारेकऱ्याने हात आडवा केला. आजोबा पायरीवर बसले आणि बसल्या बसल्याच एकेक पायरी वर सरकू लागले. मी लाकडाची खरी, पण देवा, एवढा जिना पार पडू दे, एवढेच मागत होते.

वरचे बोलणे खाली ऐकू आले.

"वर कसे आलात?"

"जिन्याने."

"काठी?"

"खाली काढून घेतली, साहेब."

"म्हणजे काठीशिवाय येता येतं."

अर्ज फेटाळला. सुनेने मला परत मागितले, तेव्हा पहारेकरी गोंधळला. यांना काठी लागत नाही असा शेरा आलाय, मग ही यांची कशी? मी जमा झाले.

आता माझ्याने उंचावरच्या खिडक्या उघडतात. फार उपयोगी काठी, असे साहेब म्हणतात. सून अनेकदा विचारायला आली. शेवटच्या खेपेला म्हणाली, "ते आता चौथ्या मजल्यावरून खाली उतरतच नाहीत. काठी कुठाय, विचारतात. काय सांगू?" पहारेकऱ्याने नियम आठवून पाहिला. यासाठी नियम नव्हता.

मित्रांनो, मोठेपणी तुमच्यातला कुणीतरी त्या टेबलामागे बसेल. कागद जरूर तपासा. पण त्याआधी एकदा खुर्चीतून उठून जिन्यापर्यंत या आणि खाली वाकून बघा.