सब्जाचा पाव

सकिनाने कातरी उघडली आणि तशीच धरून राहिली. मागीलदारी तेलाच्या पत्र्याच्या डब्यात लावलेल्या सब्जाचे नुसते देठ उरले होते. पानं, मंजिऱ्या, सगळं कोणीतरी खुडून नेलं होतं. गुरं आत शिरली म्हणावं, तर कुंपणाचं बेडं लावलेलं होतं, आणि गुरं काही इतकं नीटनेटकं खात नाहीत.

तेवढ्यात स्वयंपाकघरातून वास आला. पाव भाजल्याचा, आणि त्यात सब्जाचा. तिच्या तळपायाची आग मस्तकात गेली.

"नाझिया, माझा सब्जा कोणी कापलान?"

सून ओव्हनसमोर उभी होती. विजेचा हा ओव्हन तिच्या बहिणीने कुवेतहून आणलेला. दुपारचं लोडशेडिंग संपल्याबरोबर तिने तो लावला होता. ओट्यावर सायबर कॅफेतून छापून आणलेला कागद होता आणि त्यावर पिठाची बोटं उमटली होती.

"मी घेतला, अम्मी. पावात घातला. या कागदात बेझिल लिहिलंय. म्हणजे सब्जाच्याच जातीचा. आपल्याकडे होता, म्हणून..."

"आज जुमेरात हाय, ठावक नाय तुला?"

ठाऊक नसायला काय झालं होतं? दर गुरुवारी दुपारी सकिना सब्जाची जुडी करायची, शिवणाच्या पांढऱ्या दोऱ्याने बांधायची, आणि संध्याकाळी मुलगा तन्वीर ती बापाच्या कबरीवर ठेवायला घेऊन जायचा. बायका कबरस्तानात जात नाहीत. तिच्या नवऱ्याला, नासिरला जाऊन वर्ष होत आलं होतं, आणि या वर्षात सकिनाच्या हातचं त्याच्यापर्यंत पोचणारं एवढंच होतं.

नाझियाने काहीतरी बोलायला तोंड उघडलं. तिची नजर दाराबाहेर, जिथे नवऱ्याची स्कूटर लागायची त्या रिकाम्या जागेकडे गेली आणि परत आली.

"सॉरी, अम्मी."

नुसतं सॉरी. वाटेत पाय लागला की म्हणतात तेवढंच. मग गप्प बसावं की नाही? पण नाझियाला शांतता सोसेना.

"याला मळावंच लागत नाही," ती म्हणाली. "काल संध्याकाळी नुसतं कालवून ठेवलं. वेळ दिला की आपसूक होतं."

सकिनाने कातरी ओट्यावर आपटली.

नासिरने राजिवड्याच्या भट्टीत चाळीस वर्षं पाव केले होते. पहाटे लाकडी हौदात कोपरापर्यंत हात घालून तो पीठ मळायचा, आणि त्याच्या धापेचा आवाज शेजारच्या घरापर्यंत जायचा. शेवटची दोन वर्षं उजवा खांदा वर उचलेना. त्याचे केससुद्धा सकिनाच विंचरायची. आणि काल आलेली ही पोर कागद वाचून सांगते, मळावंच लागत नाही.

"मग तुझे सासरे काय येडे होते? चाळीस वरसं मळलानी."

"मी तसं नाही म्हणाले, अम्मी."

"बोलू नको. त्यांचा सब्जा तू चुलीत घातलास."

नाझियाने मान खाली घालून फडक्याने बिडाचं भांडं बाहेर काढलं, झाकण उघडलं. पाव टम्म फुगून वरून तडकला होता आणि भेगांतून पानं डोकावत होती. सकिनाने तसाच चटका सोसून एक तुकडा तोडला आणि तोंडात टाकला. पाव चांगला झाला होता. याचाच तिला जास्त राग आला.

तन्वीर कामावरून आला तेव्हा ती पडवीत वाटच पाहत बसली होती. बायकोचा प्रताप तिने एका दमात सांगितला. आता हा आत जाऊन चार शब्द सुनावील अशी तिची अपेक्षा. तर त्याचा चेहरा सैल पडला, ओझं उतरल्यासारखा.

"ऱ्हाव दे ना, अम्मी. एक हप्ता नाय नेला तर काय होता?"

"नेशील. कसा नाय नेशील?" देठांशी राहिलेली चार पानं तिने जमवून दोऱ्यात बांधली होती. "मीच ठेवतंय डिकीत. तुमचा कोणाचा भरवसा नाय."

"दे, मी ठेवतंय," म्हणत तो पुढे आला. पण चावी स्कूटरलाच होती आणि सकिना रागात होती. तिने डिकी उघडली.

रेनकोटखाली जुड्या होत्या. सात-आठ तरी. वाळून काळ्या पडलेल्या, चुरा झालेल्या, आणि प्रत्येकीला तिचा पांढरा दोरा. बी डिकीभर सांडलं होतं.

नाझिया दारात येऊन उभी राहिली होती. सकिनाने तिच्याकडे पाहिलं.

"तुला ठावक होता?"

"मला वाटलं, वाया जाण्यापेक्षा..." नाझियाने नवऱ्याकडे पाहिलं आणि ती थांबली.

मघापासून आपण हिला काय काय बोललो ते सकिनाला आठवलं. पण माफी मागायचा तिचा स्वभाव नव्हता, आणि राग अजून उतरला नव्हता, फक्त त्याने घर बदललं होतं.

"गाडी चालू कर," ती मुलाला म्हणाली.

"कुठं?"

"बापाकडं. मी फाटकाशी उभी रवतंय. तू आत जा. मला दिसायला हवा."

कबरस्तानाच्या फाटकाचे गज धरून ती उभी राहिली. तन्वीर जुड्या छातीशी धरून आत गेला. पहिल्या ओळीशी थांबला, उजवीकडे वळला, मग परत फिरला. कुठल्याच कबरीवर नाव नव्हतं. उशाला एकेक जांभा दगड, लांबून सगळे सारखे. मधोमध येऊन तो उभा राहिला आणि त्याने फाटकाकडे पाहिलं.

तेव्हा तिला कळलं.

नासिर गेला तेव्हा तन्वीर सौदीत, दम्मामला कामाला होता. रजा मिळाली नाही. दोन महिन्यांनी आला तेव्हा माती बसून गेली होती. त्याला कोणी नेऊन दाखवलं नाही, आणि बापाची कबर कुठली, हे तो कोणत्या तोंडाने विचारणार होता?

सकिनाने तिथे कधी पाऊल टाकलं नव्हतं. पण त्या दिवशी माती देऊन परतलेल्या शेजाऱ्याला तिने दोनदा विचारून घेतलं होतं, कुठल्या झाडाखाली, कुठल्या अंगाला, उशाला काय. वर्षभर ते तिने मनात धरून ठेवलं होतं. एकदा विचारलं असतंस तर, असं तिच्या तोंडाशी आलं. आणि तिथेच अडलं. तिने तरी कधी सांगितलं होतं? बापाची कबर पोराला आपसूक कळते, असंच ती धरून चालली होती.

"तिसऱ्या उंडीच्या झाडाखाली," ती गजांतून ओरडली. "खाडीच्या अंगाला. उशाचा दगड फुटका हाय."

तो गेला. खाली बसला आणि जुड्या एकेक करून ठेवू लागला. सगळ्या ठेवून झाल्या तरी उठला नाही. उभं राहून सकिनाचे पाय भरून आले होते, पण तिने त्याला हाक मारली नाही.