नहराच्या गेटाचा दांडा

"न्यायाधिकरणात माणूस जिंकला, तरी सरकार त्याले पुन्हा हायकोर्टात कायले नेते?"

शाळेतल्या कायद्याच्या शिबिरात, सगळ्यांसमोर हा प्रश्न विचारून दाखव, अशी पैज टीनाने आणि बाकीच्या मैत्रिणींनी प्रतिक्षाशी लावली होती. आणि पोरीने विचारला की! तो माणूस म्हणजे तिचेच बाबा, हे अख्ख्या वर्गाला ठाऊक होते. मला तर त्याहूनही जास्त ठाऊक आहे. कारण मित्रांनो, मी त्या बाबांच्या हातातला जुना लोखंडी दांडा आहे. एकोडीजवळच्या नहराचे गेट माझ्यावाचून तसूभरही हलत नाही.

माझा जन्म भंडाऱ्याचा. शेजारच्या दुकानांत पाणी भरायचे पितळेचे गुंड असे लखलखायचे, की मी मनातल्या मनात हिरमुसायचो. मी काळाकुट्ट, वर वाकडा! पण पाटबंधारे खात्याने मला प्रतिक्षाच्या बाबांच्या, म्हणजे नहराचे चौकीदार अश्वजित यांच्या हाती दिले आणि माझा रुबाब काय वर्णावा! धानाला पाणी हवे झाले की शेतकरी आधी माझी वाट बघत. "दांडा निंगाला बाप्पा, पाणी आलंच समजा!" अश्वजित मला तेल लावत, कोरड्या फडक्याने पुसत. मजेत होतो मी.

मग ती संध्याकाळ आली. नहर तुडुंब भरला होता आणि गावाकडचा बांध झिरपू लागला होता. साहेबांचा फोन काही लागेना. अश्वजितांनी नाल्याकडचे गेट उघडायला घेतले, तर ते जाम! तेवढ्यात डबा घेऊन आलेली प्रतिक्षा धावली आणि तिने मला दुसऱ्या बाजूने धरले.

"बाबा, लावा जोर!"

गेट उघडले, पाणी नाल्यात वळले, बांध वाचला.

पण हुकमाशिवाय पाणी वाया घालवले असे म्हणत खात्याने अश्वजितांना काढून टाकले. चौकशी नाही, विचारपूस नाही. चार्ज घ्यायलाही कोणी फिरकले नाही, म्हणून मी त्यांच्याच घरी दाराआड पडून राहिलो. अंगावर गंज चढला. घरची कोंबडी तर माझ्यावर बसून झोपा काढायला लागली!

अश्वजित न्यायाधिकरणात गेले. तिथे निकाल लागला : ऐकून न घेता काढले हे चूक, कामावर परत घ्या, चौकशी करायचीच तर नियमाने करा. तरी खाते हायकोर्टात गेले. प्रतिक्षाचा प्रश्न होता तो त्याबद्दलच. शिबिरात आलेल्या वकील कामिनी मॅडमनी काय उत्तर दिले, ते तिने घरी येऊन त्यांची नक्कल करत सांगितले.

"निकाल पटला नाही तर खात्याला तिथे दाद मागता येते, बेटा. पण हायकोर्ट सगळं पहिल्यापासून उकरत नाही. गेट उघडणं बरोबर की चूक, ते नाही ठरवत. न्यायाधिकरणाने कायद्याला धरून निकाल दिला का, एवढंच तपासते."

मग नक्कल सोडून ती बाबांकडे वळली. "म्हणजे बांध फुटत होता, हे कोणी आयकणारच नाही काय, बाबा?"

"चौकशी झाली तं तिथं आयकतील," अश्वजित म्हणाले.

हायकोर्टाने खात्याचा अर्ज फेटाळला. दुसऱ्या दिवशी अश्वजितांनी मला खसाखसा घासले, तेल लावले, आणि आम्ही दोघे पुन्हा नहरावर! मित्रांनो, तुमच्याही दाराआड कोणी गंजत पडले असेल, तर त्याला एकदा हातात घेऊन बघा. आणि कोणाला टाकून देण्याआधी त्याचे म्हणणे तेवढे ऐका. एवढेच मागणे आहे माझे.

आता ती चौकशी लागली आहे. काल जेवताना साक्षीदाराचा विषय निघाला.

"पोरीचं नाव नका घेऊ जी," प्रतिक्षाची आई रिता म्हणाली. "सरकारी गेट पोरीले फिरवू दिलं म्हणून तुमच्यावर आणखी ठपका येईल."

"नाही घेत. पण दुसरं कोणी तं नव्हतंच तिथं." अश्वजितांचा घास हातातच राहिला. "साक्ष नसली तं नोकरी पुन्हा जाऊ शकते, रिता."

प्रतिक्षाने ताट सरकवले आणि ती उभी राहिली.

"आई, बाबा, माझं ठरलं. बांध झिरपताना म्या पाह्यला. गेटाले हात लावला, तेबी सांगीन. चौकशीत साक्ष मीच देणार."