करंजखोलच्या पानावरचा मोटरमन

आमच्या कामात माणसाला दोनच प्रश्न विचारावे लागतात: गाव कुठलं, आणि कोण गेलं. पुढचं तो आपणहून सांगतो, न विचारलेलंही. आम्ही काशीतले मराठी तीर्थपुरोहित. मंगला गौरीच्या गल्लीत सहा पिढ्या राहतो आणि रत्नागिरीकडच्या यात्रेकरूंच्या वह्या सांभाळतो. कोण आलं, कुणासाठी आलं, बरोबर कोण होतं, हे आलेला माणूस स्वतःच्या हाताने वहीत लिहितो. त्यामुळे कोणता भाऊ आईच्या अस्थी घेऊन आला आणि कोणता नुसता नावेत बसून गेला, हे मला त्यांच्या गावापेक्षा जास्त ठाऊक असतं.

श्रीनिवासराव मोघे मात्र यात्रेकरू नव्हेत. रेल्वेतून निवृत्त झालेले, वय सत्तर, राहायला इथेच, आमच्यापासून चार गल्ल्या सोडून. त्यांना व्यसन एकच, मुंबईची ट्राम. बनारसमध्ये ट्राम कधी धावली नाही. ती उणीव ते एकटे भरून काढतात. १८७४ साली घोड्यांची सुरू झाली, १९०७ साली विजेची, मग दोन मजली आणि ३१ मार्च १९६४ला बंद, हे आमच्या गल्लीतल्या भाजीवालीलाही पाठ आहे. शेवटच्या स्टॉपला मोटरमन हँडल काढून गाडीच्या दुसऱ्या टोकाला कसा जायचा आणि बाकांच्या पाठी कशा उलट्या फिरवायचे, हे ते आमच्या खुर्च्या फिरवून दाखवतात. त्या खुर्च्या अजून धड आहेत याचं श्रेय सुताराला. माझी बायको कालिंदी त्यांना दारात पाहिलं की म्हणते, "अहो, दादर टर्मिनस आलं. चाय टाकते."

परवा कार्तिकात आले तेव्हा खुर्चीला हात लावला नाही. सरळ खाली बसले.

"गुरुजी, पुढच्या सोमवारी बायपास आहे. त्याआधी एका माणसाच्या नावाने तर्पण करायचंय."

"नातं?"

"काही नाही. ट्रामचा मोटरमन होता."

ट्रामच्या शंभर गोष्टी त्यांनी आम्हाला ऐकवल्या होत्या, ही कधी ऐकवली नव्हती. माणूस पोटातली गोष्ट झाकायलाच बाकीच्या सांगतो.

"बंद व्हायच्या आदल्या दुपारची गोष्ट. सगळी मुंबई शेवटचं बसून घ्यायला निघालेली. मी नऊ वर्षांचा. तिकीट न काढता फुटबोर्डवर लटकलो आणि परळजवळ हात सुटला. डोकं फुटलं. मोटरमनने गाडी कंडक्टरच्या हवाली केली, मला खांद्यावर घेतलं आणि दवाखान्यापर्यंत पळाला. मी झोपू नये म्हणून वाटेत सारखा बोलत होता. दवाखान्यात मला दिलं आणि गेला. त्यानंतर दिसला नाही. आता हयात असायचा नाही."

"नाव?"

"तेच तर नाही."

"मग अज्ञात म्हणून तिळाचं पाणी सोडू. शास्त्रात सोय आहे."

"शास्त्राला चालेल, मला नाही चालायचं. एकसष्ट वर्षं मी त्यांना 'तो ट्रामवाला' म्हणतोय. टेबलावर झोपायच्या आधी एकदा तरी नावाने हाक मारू दे." मग ते जरा पुढे सरकले. "तुमच्या वह्यांतलं मुंबईचं पान काढा ना. कधीतरी काशीला आलाच असेल. मोटरमन म्हणून लिहिलं असेल."

मला हसू आलं. "श्रीनिवासराव, मुंबईचं पान आमच्याकडे नाही, कुणाकडेच नसेल. तीन पिढ्या परळच्या चाळीत काढलेला माणूससुद्धा इथे बसला की गावाचं नाव लिहितो. मुंबईत तो फक्त राहतो. एवढी वर्षं ट्राम उकरलीत, तिचे रूळ मोजलेत, पण मोटरमनचं गाव विचारलं नाहीत?"

"डोकं फुटलं होतं हो माझं."

ते उठायला लागले. तेवढ्यात कालिंदी चहा घेऊन आली आणि म्हणाली, "पण तो सारखा बोलत होता ना? काय बोलत होता?"

हा प्रश्न मला सुचायला हवा होता. काम माझं आहे.

"काहीबाही. विहिरीतल्या कासवाचं," श्रीनिवासराव म्हणाले. "आमच्या करंजखोलच्या विहिरीत परातीएवढं कासव आहे, तू बरा झालास की दाखवतो..." आणि थांबले. ते कासव त्यांनी आपल्या मुलीला गोष्ट म्हणून हजारदा सांगितलं असेल. गावाचं नाव स्वतःच्या कानाने पहिल्यांदा ऐकत होते.

करंजखोल लहान गाव. चार घराणी, अकरा पानं. लाल कापडातली वही सोडली आणि वैशाख शके १८८६, म्हणजे ट्राम बंद झाल्याच्या पुढच्याच महिन्यातली नोंद सापडली. आजोबांच्या वेळची. मी मनातल्या मनात वाचली, वही मिटली आणि म्हणालो, "दिनानाथ राघो तावडे. घ्या तुमचं नाव. उद्या सकाळी पंचगंगा घाटावर या."

रेल्वेत चाळीस वर्षं काढलेला माणूस, त्याला सिग्नल कळतो.

"वही का मिटलीत?"

"काम झालं म्हणून."

"तुम्ही वाचताना दोनदा माझ्याकडे पाहिलंत, गुरुजी. उघडा."

उघडली. त्यांनी चष्मा पुसला आणि बोट ठेवून मोठ्याने वाचलं.

"दिनानाथ राघो तावडे, वस्ती करंजखोल, मुंबईत ट्रामवर मोटरमन. ट्राम बंद झाली, आता बसवर घेतात. माझ्या गाडीवरून पडलेल्या मुलासाठी पिंड दिला. नाव माहीत नाही. वय नऊ-दहा. दवाखान्यात पोचवला होता. दुसऱ्या दिवशी गेलो तर खाट रिकामी. कुणाला विचारायचं धाडस झालं नाही."

कालिंदीने कपबशी खाली ठेवली.

"सात टाके पडले होते फक्त," श्रीनिवासराव अगदी हळू म्हणाले. "सकाळी वडील आले आणि मला घरी घेऊन गेले. शेजारच्या खाटेवर विचारलं असतं तरी कळलं असतं." त्यांचं बोट खालच्या नोंदीवर गेलं. १९९७, मुलाने दिनानाथांच्या अस्थी आणल्याची. "तेहेतीस वर्षं. हा माणूस तेहेतीस वर्षं मला मारून जगला. आणि मी निघालोय त्यांचं तर्पण करायला. त्यांनी माझं सगळं आधीच करून ठेवलंय."

अशा वेळी सांत्वन करणारे खूप भेटतात, म्हणून मी ते करत नाही. म्हटलं, "जिवंत माणसाच्या मरणाची बातमी उठली की आयुष्य वाढतं म्हणतात. तुमचं तर काशीत पिंडासकट झालंय. सोमवारी डॉक्टरला सांगा, निर्धास्त कापा."

ते हसले. डोळे वाहत होते ते तसेच ठेवून हसले. मग म्हणाले, "इथे खाली मला लिहू द्या."

आमच्यात हे चालत नाही. घराण्याच्या पानावर घराण्याचाच हात. मी सख्ख्या जावयांना परत पाठवलंय, एकाने तर वरपर्यंत ओळख असल्याचं सांगितलं होतं. पण त्या पानावर या माणसासाठी एक पिंड आधीच लिहिलेला होता. त्याला परका म्हणायला मला तोंड राहिलं नव्हतं. पेन दिलं. त्यांनी लिहिलं: "तो मुलगा मी. जिवंत आहे. श्रीनिवास मोघे, वय सत्तर. नोकरी झाली, लग्न झालं, एक मुलगी आहे. आपल्यामुळे."

दुसऱ्या दिवशी पंचगंगा घाटावर तर्पण झालं. गोत्र माहीत नसलं की काश्यप म्हणायचं, तसं म्हटलं. नाव मात्र त्यांनी माझ्यामागून न म्हणता माझ्याआधीच म्हटलं, तिन्ही वेळा, पलीकडच्या नाववाल्याने वळून बघावं इतक्या जोरात. मी रागावलो नाही.

वहीत २०१९च्या नोंदीखाली दिनानाथांच्या मुलाचा फोन नंबर होता. पायरीवर बसूनच लावला. स्पीकर सुरू केला. त्यांनी सगळं सांगितलं, कासवासकट. पलीकडून कोंबड्यांचा आवाज येत होता.

मग धाकटे तावडे बोलले. "बाबा सर्वपित्रीला एक पान जास्त वाढायचे. आम्ही विचारलं तर म्हणायचे, एक पोरगा आहे. कुणाचा, कुठला, काही नाही. ते गेल्यावरही आम्ही वाढतो. गेल्या महिन्यात वाढलं, माझ्या सुनेनं घावने केले होते."

श्रीनिवासराव फोनकडे वाकले. म्हणाले, "ते पान आता बंद करा. ऑपरेशन झालं की मी स्वतः जेवायला येतो."

"या की," तावडे म्हणाले. "पण सर्वपित्रीला नको. शिमग्याला या. जित्या माणसाला आम्ही शिमग्याला बोलावतो."